जपानी प्रेमकथांतील मरण सुंदर नव्हते

माननीय संपादक,
सप्रेम नमस्कार.

आपल्या रविवार पुरवणीत जपानमधील जुन्या, उच्चनीचतेच्या भिंतींवर आपटून संपलेल्या प्रेमकथांविषयी प्रसिद्ध झालेला लेख मी काळजीपूर्वक वाचला. मराठीत या विषयावर फार कमी लिहिले जाते, त्यामुळे लेखाचे मनापासून स्वागत करतो. परंतु त्यातील दोन विधानांना उत्तर देणे मला आवश्यक वाटते. प्रेमी युगुलाने एकत्र मरण पत्करणे ही जपानी सौंदर्यदृष्टीची परिणती होती, असे लेखात म्हटले आहे. तसेच तेथील सामाजिक वर्ग इतके बंदिस्त होते की एका वर्गातून दुसऱ्या वर्गात विवाह होणे अशक्यच होते, असेही सुचवले आहे. पुण्यात जपानी भाषा शिकवताना मी हीच विधाने विद्यार्थ्यांच्या तोंडूनही वारंवार ऐकतो आणि दर वेळी अस्वस्थ होतो, कारण त्यांमुळे ज्यांनी हे सारे भोगले त्यांच्यावर अन्याय होतो.

तोकुगावा घराण्यातील शोगुनांच्या, म्हणजे लष्करी राज्यकर्त्यांच्या, राजवटीत, म्हणजे १६०३ ते १८६८ या अडीचशेहून अधिक वर्षांत, वर्गांमधील भिंतीला दारे होती आणि ती गरजेप्रमाणे उघडलीही जात. मात्र त्यांच्या किल्ल्या घराण्याकडे, मालकाकडे आणि सरकारकडे होत्या. दोन माणसांनी केवळ एकमेकांवरील प्रेमापोटी ते दार उघडू पाहिले की त्याचा गुन्हा होत असे.

ओसाकातील ज्या घटनेवरून या साऱ्या कथांना प्रसिद्धी मिळाली, तिच्यापासूनच आरंभ करतो. १७०३ साली सोनेझाकी येथील तेन्जिन देवस्थानाच्या राईत एका सोया सॉसच्या दुकानातील कारकून आणि दोजिमा वस्तीतील एक गणिका यांचे मृतदेह सापडले. महिन्याभरातच नाटककार चिकामात्सु मोन्झाएमोन यांनी त्यावर बाहुल्यांच्या रंगभूमीसाठी नाटक लिहिले आणि ताकेमोतो-झा या नाट्यगृहात ते इतके चालले की कर्जात बुडालेले ते नाट्यगृह सावरले. आपल्या लेखात या नाटकाचा उल्लेख केवळ त्याच्या अखेरच्या, रात्रीच्या प्रवासाच्या काव्यमय प्रवेशापुरता आहे. परंतु त्याआधीचे सारे नाटक पैशाविषयी आहे. हा कारकून तोकुबेई ज्या दुकानात काम करतो ते त्याच्या काकाचे आहे. काकाने आपल्या बायकोच्या भाचीशी त्याचा विवाह ठरवला आहे आणि हुंड्याची चांदी तोकुबेईच्या सावत्र आईकडे परस्पर पोहोचतीही केली आहे. तोकुबेई विवाहाला नकार देतो तेव्हा ती चांदी परत करणे त्याला भाग पडते. आईकडून कष्टाने मिळवलेली ती रक्कम तो एका मित्राला थोड्या दिवसांसाठी उसनी देतो, आणि मित्र उलटून त्याच्यावरच खोटा शिक्का मारून बनावट कागद केल्याचा आळ घेतो. देवस्थानाच्या आवारात भर लोकांत त्याला मारहाण होते. पत गेलेल्या कारकुनाला व्यापारी शहरात उभे राहायला जागा नसते. इकडे ती गणिका, ओहात्सु, पैसे मोजणाऱ्या गिऱ्हाइकांच्या हवाली असते, आणि तिच्या होकार-नकाराला त्या व्यवहारात काहीही किंमत नसते. हुंडा, उसनवारी, शिक्का आणि गहाण पडलेली एक स्त्री या चार गोष्टींनी त्या दोघांना त्या राईपर्यंत नेले. त्यात सौंदर्य पाहायचे असेल तर ते लेखकाच्या शब्दांत पाहावे. त्या मरणात ते नाही.

याच नाटककाराच्या आणखी एका नाटकाकडे वाचकांचे लक्ष वेधावेसे वाटते, कारण माझ्या मते ते अधिक थोर आहे. १७२१ च्या आरंभी रंगभूमीवर आलेल्या अमिजिमाच्या या कथेत जिहेई हा कागदाचा व्यापारी विवाहित आहे, दोन मुलांचा बाप आहे आणि कोहारू नावाच्या गणिकेत गुंतला आहे. त्याची पत्नी ओसान कोहारूला गुप्तपणे पत्र लिहून विनवते की माझ्या नवऱ्याचा नाद सोडून त्याचे प्राण वाचव. आणि कोहारू तो शब्द पाळण्यासाठी जिहेईवर आपले प्रेमच नव्हते असे सोंग करते. पुढे जिहेईचा प्रतिस्पर्धी कोहारूला विकत घेणार असे कळताच ओसानला उमगते की ही मुलगी आता जीव देणार, आणि एका स्त्रीला दिलेल्या शब्दापायी दुसरीचे प्राण जाता कामा नयेत म्हणून ती दुकानाच्या देण्यांसाठी बाजूला ठेवलेली चांदी काढते, स्वतःचे आणि मुलांचे कपडे गहाण टाकायला गाठोड्यात बांधते. त्याच क्षणी तिचे वडील घरात शिरतात, रिकामी कपाटे पाहतात आणि मुलीला घटस्फोटासाठी ओढत माहेरी नेतात. तिला कोणी विचारत नाही. अखेरच्या प्रवेशात जिहेई आणि कोहारू एकमेकांपासून अंतरावर मरतात, कारण शेजारी शेजारी मरणे म्हणजे ओसानचा अपमान, असे त्यांना वाटते. कर्तव्य आणि माया यांचा झगडा असे या नाटकांचे वर्णन आपण पाठ्यपुस्तकांत वाचतो. पण इथे सर्वांत मोठे कर्तव्य दोन स्त्रियांनी एकमेकींविषयी पाळले आहे आणि त्यांना वाचवण्याची ताकद असलेल्या एकाही पुरुषाने ते पाळलेले नाही. ज्यांना हा विषय जवळचा आहे त्यांनी ओसानचा विचार केल्याशिवाय या कथांना प्रेमकथा म्हणू नये.

गणिका हा शब्द वाचला की आपल्याकडे रेशमी वस्त्रे आणि शामिसेनचे सूर डोळ्यांसमोर येतात. एदोतील (आजच्या तोक्योतील) योशिवारा, क्योतोतील शिमाबारा आणि ओसाकातील शिन्माची या सरकारमान्य वस्त्या होत्या. योशिवाराची वस्ती १६५७ च्या मोठ्या आगीनंतर शहराच्या कडेला, असाकुसाच्या पलीकडे हलवण्यात आली आणि तिच्याभोवती खंदक होता. गरीब घरातील मुलींना आईबापांनी घेतलेल्या आगाऊ रकमेच्या बदल्यात तेथे मुदतीच्या करारावर ठेवले जाई, आणि कपडालत्ता, औषधपाणी या साऱ्याचा खर्च त्यांच्याच नावे मांडला गेल्याने ते देणे फिटता फिटत नसे. मिनोवा येथील जोकान-जी या मंदिरात अशा सुमारे पंचवीस हजार स्त्रिया पुरल्या गेल्या असे सांगितले जाते. कोणी नातलग नसलेल्यांचे देह तेथे आणून टाकले जात. ओहात्सु आणि कोहारू या अशा व्यवस्थेत जगत होत्या. त्यांच्यावर जीव जडलेला माणूस कारकून असो वा दुकानदार, देणे फेडण्याइतका पैसा त्याच्याजवळ नसे, आणि पैसा असलेल्याला मात्र प्रेमाची गरज नसे.

सरकारने या मरणांकडे कसे पाहिले हे आपल्या लेखात अजिबात आलेले नाही, आणि वर्गाची खरी ओळख तर तिथेच पटते. अशी नाटके आणि अशा घटना वाढल्या, तेव्हा आठवे शोगुन योशिमुने यांच्या सरकारने १७२३ च्या सुमारास या विषयावरील नाटकांना व छापील मजकुराला बंदी घातली. पुढे १७४२ मध्ये तयार झालेल्या दंडसंहितेत शिक्षा नोंदवल्या गेल्या. दोघेही मेले तर त्यांचे अंत्यसंस्कार करण्यास मनाई. एक वाचला तर तो खुनी ठरून देहदंडास पात्र. दोघे वाचले तर तीन दिवस भर रस्त्यात लोकांसमोर बसवून नंतर त्यांना ‘हिनिन’ या समाजाबाहेरच्या वर्गात ढकलणे. याच कलमात एक अपवाद आहे, तो मी दर वेळी थांबून वाचतो. मालक आणि त्याची मोलकरीण यांनी असे कृत्य केले आणि मालक वाचला, तर त्याला देहदंड नाही. त्याला हिनिन वर्गात टाकावे, एवढेच. देहदंडाचा नियम सर्वांसाठी सारखा असता तर तो क्रूर म्हणता आला असता. पण दोन माणसांनी एकच गोष्ट केली असताना त्यांतल्या एकाचा जीव अधिक मोलाचा ठरवण्याची सोय कायद्यात लिहून ठेवलेली होती. उलट बाजूने पाहिले तर मालकाच्या पत्नीशी संबंध ठेवणाऱ्या नोकराची धिंड काढून त्याचा शिरच्छेद करावा आणि शिर प्रदर्शनात मांडावे, अशी तरतूद होती. ही संहिता येण्याआधीही, १६८३ साली क्योतोत पंचांग छापणाऱ्या एका घरातील गृहिणी ओसान (अमिजिमातील ओसान ही नव्हे) आणि तिचा कारकून मोहेई यांना देहदंड दिला गेला. कथाकार इहारा साइकाकु यांनी तीन वर्षांनी त्यावर लिहिले आणि चिकामात्सुंनीही पुढे नाटक रचले.

सामुराई वर्गाकडे वळण्यापूर्वी एक गैरसमज दूर करणे आवश्यक आहे. सामुराई, शेतकरी, कारागीर, व्यापारी या चार पायऱ्यांचे चित्र आपल्याकडे फार लोकप्रिय आहे, कारण ते आपल्याला ओळखीचे वाटते. प्रत्यक्षात मोठी दरी होती ती सामुराई आणि इतर सर्व यांच्यात, आणि त्याहून खोल दरी होती ती या सर्वांच्या खाली ढकललेल्या एता (कातडीकामासारखी ‘अशुद्ध’ मानलेली कामे करणारे) आणि हिनिन या बहिष्कृतांशी. १६१५ च्या लष्करी घराण्यांच्या नियमावलीत खासगीत विवाह जुळवू नयेत असे स्पष्ट बजावले होते. विवाह म्हणजे दोन घराण्यांची युती, आणि युती म्हणजे राजकारण, अशी ती दृष्टी होती. साधा सामुराईसुद्धा सरदाराच्या परवानगीशिवाय विवाह करू शकत नसे.

आणि तरीही सामुराई घरात व्यापाऱ्याच्या मुली सुना म्हणून येत होत्या. मुलीला आधी एखाद्या सामुराई कुटुंबात दत्तक द्यायचे, त्या कुटुंबाचे नाव लावायचे आणि मग त्या नावाने विवाह लावायचा, ही रीत सर्वांना ठाऊक होती. पैसा असेल तर खालच्या दर्जाच्या सामुराई घराण्यात मुलाला घुसवताही येत असे. आधुनिक जपानी आरमाराच्या उभारणीत मोठा वाटा असलेले कात्सु काइशू यांचे पणजोबा एचिगो प्रांतातून आलेले अंध गृहस्थ होते. सावकारीतून श्रीमंत होऊन त्यांनी आपल्या मुलासाठी सामुराई दर्जा विकत घेतला. वर्ग जर खरोखरच अभेद्य असता तर हे घडलेच नसते. घराण्याला पैसा हवा असेल, वारस हवा असेल, तर वर्ग ओलांडण्यात कोणाला पाप दिसत नव्हते.

याच्या उलट उदाहरण एजिमा या स्त्रीचे आहे. शोगुनच्या अंतःपुरात ती बाल शोगुन इएत्सुगु यांच्या आईच्या सेवेतील वरिष्ठ अधिकारी होती. १७१४ च्या आरंभी झोजो-जी मंदिरातून परतताना ती यामामुरा-झा या काबुकी नाट्यगृहात गेली आणि परतायला उशीर झाला. इकुशिमा शिंगोरो या नटाशी तिचे संबंध असल्याचा आरोप झाला. नट म्हणजे नदीकाठच्या वाळवंटातले लोक, समाजाच्या काठावरचे. आणि त्यांच्यापैकी एकाने शोगुनच्या घरातील स्त्रीकडे पाहावे, हे असह्य होते. त्यामागे अंतःपुरातील दोन गटांचे वैरही होते, हे इतिहासकार मानतात. म्हणजे प्रेम होते की नव्हते हा प्रश्न शिक्षा देणाऱ्यांना महत्त्वाचा नव्हताच. एजिमाच्या भावाचा शिरच्छेद झाला, नट मियाके बेटावर हद्दपार झाला, नाट्यगृह कायमचे बंद झाले आणि हजाराहून अधिक लोकांना या ना त्या शिक्षा झाल्या. एजिमाला आजच्या नागानो प्रांतातील ताकातो येथे नजरकैदेत ठेवले गेले आणि १७४१ मध्ये ती तिथेच मरण पावली.

तोकुगावा राजवटीनंतर आलेल्या मेइजी सरकारने १८७१ मध्ये सरदार, माजी सामुराई आणि सामान्य प्रजा यांच्यातील विवाहांना परवानगी दिली आणि त्याच वर्षी एता व हिनिन ही नावे कायद्याने रद्द केली. आपला लेख येथे संपतो, जणू त्या दिवशी सारे मोकळे झाले. पण १८९८ च्या नागरी संहितेने कुटुंबप्रमुखाच्या संमतीची अट घातली, शिवाय पुरुषाला तीस आणि स्त्रीला पंचवीस वर्षे पूर्ण होईपर्यंत आईवडिलांचीही संमती आवश्यक केली. जी चाल पूर्वी प्रामुख्याने सामुराई घराण्यांची होती ती आता शेतकऱ्याच्या घरालाही लागू झाली, हे विसरता कामा नये.

या काळातील यानागिवारा ब्याकुरेन या कवयित्रीचे उदाहरण मला सर्वांत बोलके वाटते. काउंट घराण्यातली, गेइशा आईच्या पोटी जन्मलेली, नात्याने ताइशो सम्राटाची बहीण लागणारी ही स्त्री १९११ मध्ये क्यूशूतील कोळसा खाणींचे मालक इतो देन्एमोन यांना देण्यात आली. ते तिच्याहून सुमारे पंचवीस वर्षांनी मोठे होते आणि खाणीत राबून वर आले होते. सरदारकन्या आणि खाणमालक, याहून मोठे वर्गांतर कोणते असणार? पण त्यावर घराण्याने आक्षेप घेतला नाही, कारण घराण्याला त्यात लाभ होता. १९२१ मध्ये तिने मियाझाकी र्यूसुके या समाजवादी तरुणासोबत घर सोडले आणि पतीशी संबंध तोडणारे तिचे पत्र ‘ओसाका असाही’ वृत्तपत्रात छापून आले. पतीने दुसऱ्या वृत्तपत्रातून उत्तर दिले. विवाहित स्त्रीचा व्यभिचार त्या वेळी दंडनीय गुन्हा होता, पुरुषाचा मात्र सहसा नव्हता. खटला भरला गेला नाही, परंतु सरदारवर्गातून तिचे नाव काढून टाकण्यात आले. वर्ग ओलांडणारा पहिला विवाह प्रतिष्ठित आणि दुसरा कलंकित, यातला फरक एवढाच की दुसरा तिने स्वतः निवडला होता.

आता त्या प्रश्नाकडे येतो ज्याविषयी मला सर्वाधिक कळकळ वाटते. १८७१ च्या आदेशाने नाव गेले, पण पुढच्याच वर्षी तयार झालेल्या कुटुंब नोंदवह्यांत पूर्वीच्या बहिष्कृत कुटुंबांच्या नावापुढे ठिकठिकाणी ‘नवे सामान्यजन’ असा शेरा मारला गेला, आणि वस्तीच्या पत्त्यावरून ते ओळखले जाऊ लागले. मार्च १९२२ मध्ये, म्हणजे आपल्याकडील महाडच्या सत्याग्रहाच्या पाच वर्षे आधी, क्योतोत ‘सुइहेइशा’ ही त्यांची संघटना स्थापन झाली. १९३३ मध्ये ताकामात्सु येथील न्यायालयाने या समाजातील दोन भावांना, आपला जन्म लपवून एका स्त्रीशी विवाहाचा संबंध जोडला म्हणून, विवाहाच्या हेतूने पळवून नेल्याबद्दल दोषी ठरवले. बहिष्कृत वर्ग कायद्याने संपून साठ वर्षे झाली होती, तरी आपण त्या वर्गातले आहोत हे न सांगणे हा सरकारी वकिलाच्या मते गुन्हा होता. सुइहेइशाने या निकालाविरुद्ध देशभर आंदोलन उभारले. दुसऱ्या महायुद्धानंतर, १९४७ पासून अमलात आलेल्या राज्यघटनेच्या चोविसाव्या कलमाने विवाह केवळ दोघांच्या संमतीवर आधारलेला असेल असे घोषित केले. बावीस वर्षांच्या बेआते सिरोता या तरुणीने त्याचा मूळ मसुदा लिहिला. आणि तरीही १८७२ च्या नोंदवह्या लोकांना पाहण्यास बंद व्हायला १९६८ उजाडले, आणि १९७५ मध्ये उघड झाले की अशा वस्त्यांच्या नावांच्या याद्या कंपन्यांना गुपचूप विकल्या जात होत्या. नोकरीसाठी आलेला उमेदवार कुठला आणि सोयरीक जुळवायची ती कुठल्या घराशी, हे त्यांवरून तपासले जाई. ओसाका प्रांताने १९८५ मध्ये अशा चौकशीवर निर्बंध आणणारा नियम केला. तशा याद्या आता इंटरनेटवर येतात आणि तोक्यो उच्च न्यायालयाने २०२३ मध्ये त्यांविरुद्ध निकाल दिला आहे.

डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी १९३६ साली जातिनिर्मूलनाचा खरा उपाय आंतरजातीय विवाह हाच असल्याचे लिहिले, आणि त्याच काळात जपानमधील एक न्यायालय अशाच विवाहाला गुन्हा ठरवत होते, हे जुळवून पाहिले की हा विषय मराठी वाचकाला परका राहत नाही. दोन्ही देशांतील कार्यकर्ते गेली काही दशके एकमेकांच्या संपर्कात आहेत.

राजघराण्याचा उल्लेख आपल्या लेखात कौतुकाने केला आहे, त्याविषयी थोडेच लिहितो. १९५९ मध्ये युवराज अकिहितो आणि पीठगिरणी उद्योगातील घराण्याच्या मिचिको शोदा यांच्या विवाहाने जपान आनंदले हे खरे. परंतु आजही राजघराण्यातील स्त्रीने सामान्य पुरुषाशी विवाह केला की ती राजघराण्यातून बाहेर पडते, आणि पुरुषाने सामान्य स्त्रीशी केला तर ती आत येते. २०२१ मध्ये राजकन्या माको यांनी हे स्वीकारले आणि अशा वेळी मिळणारी मोठी रक्कमही नाकारली.

माझी विनंती अशी आहे की या लेखाचा पुढचा भाग प्रसिद्ध करणार असाल तर त्यात ताकामात्सु खटल्याला आणि वस्त्यांच्या याद्यांना जागा द्यावी, आणि अमिजिमाच्या कथेविषयी लिहिताना ओसानचे नाव वगळू नये. लेखासोबत छापलेल्या चित्राखाली ‘प्रेमाचा सुंदर शेवट’ अशी ओळ आहे. तरुण वाचकांचा विचार करून ती पुढील वेळी टाळावी, ही विनंतीही मी गांभीर्याने करतो.

आपला,
जपानी भाषेचा एक शिक्षक, पुणे